अक्षराकडे नेणाऱ्या वाटा : नागपूरच्या बहुभाषी वर्गाचा इतिहास

धर्मग्रामाच्या ज्युबिलीच्या प्रसंगीं जुन्या दप्तरांवरील धूळ झाडण्याची आपली चाल आहे. मंदिराचा पाया कोणीं घातला, घंटा कोठून आली, कोणकोणते धर्मगुरु येथें होऊन गेले, याची यादी स्मरणिकेंत योग्य स्थळीं येईलच. प्रस्तुत लेखकास मात्र त्या यादींत सहसा न येणाऱ्या एका जागेविषयीं चार शब्द लिहावयाचे आहेत. ती जागा म्हणजे आपल्या शाळेचा व धर्मशिक्षणाचा पहिला वर्ग. जेथें निरनिराळ्या घरांतून निरनिराळ्या भाषा तोंडीं घेऊन आलेलीं मुलें एकाच फळ्यापुढें बसतात. कोणाच्या घरीं तामिळ, कोणाच्या घरीं छत्तीसगढी, कोणाच्या घरीं कोंकणी, तर कोणाच्या घरीं आपली नागपुरी मराठी. या सर्वांस अक्षरओळख कशी करून द्यावी? हा प्रश्न आजचा नाहीं. नागपूरच्या मिशनाबरोबरच तो जन्मास आला. आणि जेव्हां जेव्हां त्याचें उत्तर नीट सांपडलें, तेव्हां तेव्हां तें केवळ पुस्तकांत न सांपडतां मुलाच्या कानांत, डोळ्यांत व हातांत सांपडलें, असें इतिहास पाहतां दिसून येतें.

प्रथम आपल्या गांवाची भाषिक घडण पाहूं. १८२१ सालीं कन्हान नदीच्या कांठीं कामठीची छावणी वसली. तेथें मद्रासच्या पलटणी असत. म्हणून मराठी बोलणाऱ्या मुलखांत तामिळ व तेलुगू बोलणाऱ्या शिपायांचीं, आणि त्यांच्या मागोमाग आलेल्या कामकऱ्यांचीं, घरें उभीं राहिलीं. १८४६ सालीं ॲनसी येथील संत फ्रान्सिस डी सेल्स यांच्या मिशनरी संघाचे धर्मगुरु विशाखापट्टणास उतरले, व नागपूर-कामठीचा प्रदेश त्यांच्या मिशनाच्या कक्षेंत आला. त्यांची बोलण्याची भाषा फ्रेंच, उपासनेची लॅटिन. १८६१ सालीं मध्यप्रांत निर्माण होऊन नागपूर त्याची राजधानी झाली. त्या प्रांताचा एक भाग मराठी बोलणारा, तर दुसरा हिंदी बोलणारा. १८६७ सालीं मुंबईकडून आगगाडी आली, १८७७ सालीं एम्प्रेस मिल सुरू झाली, आणि रोजगारासाठीं आलेल्या माणसांबरोबर त्यांच्या बोलीही आल्या. १८७० सालीं नागपुरांत संत फ्रान्सिस डी सेल्स शाळा निघाली व १८८७ सालीं नागपूरचा स्वतंत्र धर्मप्रांत झाला. म्हणजे आपल्या धर्मप्रांतास एकभाषी दिवस असा कधीं माहीतच नाहीं.

मिशनऱ्यांच्या पूर्वीं या देशांत अक्षर शिकविण्याची रीत नव्हती, असें मात्र कोणीं समजूं नये. पंतोजींच्या शाळेंत मूल प्रथम धुळाक्षरें गिरवी. लांकडी पाटीवर बारीक धूळ पसरावयाची, बोटानें अक्षर काढावयाचें, काढतांना तें मोठ्यानें म्हणावयाचें, आणि चुकलें तर पाटी हलवून पुन्हां काढावयाचें. सायंकाळीं सर्वांनीं मिळून परवचा म्हणावयाचा. पावकी, निमकी व अडीचकी सुरावर घोळवावयाची. बाळबोध व मोडी अशा दोन लिप्या एकाच हातांत बसत. त्या शाळेंत दोष पुष्कळ होते. छडीचा धाक होता. आणि मुलींस व अस्पृश्य मानलेल्या जातींच्या मुलांस तिचें दार बहुधा बंदच असे. परंतु अक्षर हें बोट, कान व डोळा या तिघांनाही एकदमच शिकवावयाचें असतें, हें तिनें ओळखलें होतें. १७८९ सालीं मद्रास येथील लष्करी अनाथगृहाचा कारभार हातीं घेणारे अँड्रू बेल यांनीं मलबारी मुलांस वाळूवर बोटानें लिहितांना पाहिलें, ती रीत आपल्या वर्गांत आणली, आणि १७९७ सालीं लंडनांत पुस्तक छापून विलायतेस कळविली. याप्रमाणें आपल्या देशांतील धूळ इंग्लंडांतील गरिबांच्या मुलांस अक्षर शिकवावयास गेली!

परक्या देशांतून येऊन येथल्या लोकांस त्यांच्याच वाणींतून शिकविणाऱ्याचें उदाहरण पाहावयाचें, तर क्षणभर नागपूर सोडून गोव्याकडे वळलें पाहिजे. येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स हे जन्मानें इंग्रज. १५७९ सालीं ते गोव्यास आले, आणि १६१६ सालीं त्यांचें मराठी क्रिस्तपुराण राशोल येथें छापून निघालें. सुमारें अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ रोमन लिपींत छापावा लागला, कारण देशी लिपीचे खिळे तेथें नव्हते. तरी ज्यांस ती लिपी वाचतां येत नव्हती त्यांच्यापर्यंतही तो पोंचला. कारण एकानें वाचावें व इतरांनीं ऐकावें ही पुराणाची रीतच होती, आणि ओवीची चाल तर जात्यावर व पाळण्यापाशीं ऐकून सर्वांच्या कानीं बसलेली होती. पुढें १६८४ सालीं गोव्याच्या व्हाइसरॉयनें असा हुकूम काढला, कीं लोकांनीं तीन वर्षांत आपली भाषा सोडून पोर्तुगीज बोलावी. एकाच भूमींतील हीं दोन उदाहरणें ताडून पाहण्यासारखीं आहेत. हुकमानें स्थानिक भाषेच्या लेखनाची हानि झाली, परंतु ती लोकांच्या तोंडून काढून घेतां आली नाहीं. क्रिस्तपुराण मात्र हस्तलिखितांतून व पठणांतून टिकून राहिलें, व १९०७ सालीं मंगळूर येथें पुन्हां छापलें गेलें.

आतां ज्यांच्या नांवानें नागपूरचें कॅथेड्रल उभें आहे, त्या संत फ्रान्सिस डी सेल्स यांच्या चरित्रांतील दोन गोष्टी आठवूं. १५९४ पासून ते शाब्ले प्रांतांत धर्मकार्य करीत असतां लोक प्रवचनास येईनात. तेव्हां त्यांनीं पत्रकें लिहून तीं घरांच्या दारांखालून आंत सरकविलीं. पुढें बिशप झाल्यावर त्यांस मार्टिन नांवाचा जन्मतः बहिरा असा मनुष्य भेटला. त्याला त्यांनीं हातांच्या खुणांनीं धर्मशिक्षण दिलें व ख्रिस्तशरीर ग्रहण करण्यास पात्र केलें. जे ऐकावयास येत नव्हते त्यांना त्यांनीं अक्षर दिलें, आणि ज्याला ऐकूंच येत नव्हतें त्याला खूण दिली. १९२३ सालीं पोप अकरावे पायस यांनीं त्यांस लेखकांचे आश्रयदाते ठरविलें. बहिऱ्यांचेही ते आश्रयदाते मानले जातात. हे दोन मान एकाच संतास लाभावे, यांत शिक्षकांनीं लक्षांत ठेवण्यासारखा मोठा बोध आहे.

नागपुरांत हा बोध दुसऱ्या पंथाच्या एका सत्पुरुषानेंही आपल्या परीनें आचरिला. स्कॉटलंडच्या फ्री चर्चचे रेव्हरंड स्टीफन हिस्लॉप यांनीं १८४६ सालीं येथें शाळा काढली. शिकवितां शिकवितां ते स्वतः शिकत राहिले. गोंड लोकांच्या मुखांतील शब्द व लिंगोचें दीर्घ गीत त्यांनीं संग्रहित केलें. १८६३ सालीं ते पुरांत बुडून मरण पावले. त्यांचे कागद १८६६ सालीं रिचर्ड टेंपल यांनीं प्रसिद्ध केले. गोंडी ही मराठीची मोडकी बोली नसून द्राविड कुळांतील, तेलुगूशीं नातें सांगणारी स्वतंत्र भाषा आहे. २०११ च्या जनगणनेंत ती मातृभाषा म्हणून सांगणारे एकोणतीस लाखांहून अधिक लोक होते. बालाघाटचे मुनशी मंगलसिंग मसराम यांनीं १९१८ सालीं तिच्यासाठीं लिपी रचली, आणि २०१९ सालीं गडचिरोली जिल्ह्यांतील मोहगावच्या ग्रामसभेनें गोंडींतून शिकविणारी शाळा सुरू केली. ज्या मुलास मराठी वर्गांत आपण मंद समजतों, त्याच्यापाशीं घरीं एक संपूर्ण भाषा असूं शकते, हें यावरून ध्यानीं यावें.

हाताच्या वाटेचा मोठा प्रयोग तर आपल्या शेजारींच झाला. १९३७ च्या ऑक्टोबरांत वर्ध्यास महात्मा गांधींच्या अध्यक्षतेखालीं शिक्षणपरिषद भरली, आणि डॉ. झाकीर हुसेन यांच्या समितीनें सात वर्षांचें मोफत शिक्षण मातृभाषेंतून व हस्तोद्योगाच्या द्वारें देण्याची योजना आंखली. सेवाग्रामांत हें काम पाहणारे आर्यनायकम् हे सिंहलद्वीपांतील तामिळ ख्रिस्ती, त्यांच्या पत्नी आशादेवी बंगाली, आणि गांवचीं मुलें मराठी. टकळीवर सूत कातावें, तार मोजावे, मोजलेलें लिहावें. अशा क्रमानें अक्षर हातांतील कामाच्या मागून येई. तिकडे कोंकणच्या बाजूस ताराबाई मोडक यांनीं १९४५ सालीं बोर्डी येथें ग्रामबालशिक्षणाचें कार्य आरंभिलें. त्या व त्यांच्या सहकारी अनुताई वाघ यांनीं पुढें कोसबाडास वारली मुलांसाठीं शाळाच पाड्यांवर नेली, आणि पानें, बिया व शिंपले हेंच तिचें साहित्य केलें. १९०७ सालीं रोममध्यें बालगृह उघडणाऱ्या माँटेसरीबाई मुलांस खरखरीत कागदाच्या अक्षरांवरून बोट फिरवावयास देत. पंतोजींची धूळपाटी व बाईंचा खरखरीत कागद यांत तत्त्वतः अंतर तें काय?

येथें एक कबुली देणें मला प्राप्त आहे. सुमारें पंचवीस वर्षांपूर्वीं, मी तरुण धर्मगुरु असतां, रविवारच्या धर्मशिक्षणास एक नऊ-दहा वर्षांचा मुलगा येई. आईबाप बांधकामावर आलेले. घरीं छत्तीसगढी बोलत. हा मुलगा मराठी प्रार्थनेचें पुस्तक धरून खडखडीत वाची व योग्य वेळीं पानही उलटी. एके दिवशीं मीं मधल्याच एका शब्दावर बोट ठेवून, हा कोणता, म्हणून विचारलें. तो गप्प राहिला. दुसरा शब्द विचारला. तोही सांगतां येईना. सारें पुस्तक त्यास ऐकून पाठ झालें होतें. मीं सर्वांदेखत त्याला लबाड म्हटलें. पुढचे दोन रविवार तो आला नाहीं. तेव्हां आमचे वृद्ध धर्मशिक्षक मला बाजूस घेऊन म्हणाले, “फादर, पोट्टा लबाड नाही जी. त्याच्या घरची भाषा वेगळी, तरी एवढं सारं त्यानं कानानं उचललं. तुम्ही बोट ठेवलं ते बरोबरच होतं. पण ते परीक्षा घ्यासाठी ठेवलं. दाखवासाठी ठेवाचं होतं.”

त्याच सायंकाळीं मी त्या वस्तीवर गेलों. इमारत पुरी झाली होती, झोपड्या मोडल्या होत्या, आणि तें कुटुंब कोणत्या गांवीं गेलें हें कोणास सांगतां येईना. सेमिनरींत मीं लॅटिन शिकलों तेव्हां मीही आधीं प्रार्थना पाठ केल्या, आणि मग त्यांतील एकेक शब्द ओळखूं लागलों. मला जी सवलत मिळाली ती मीं त्या मुलास दिली नाहीं. जें त्याला तोंडपाठ होतें तेंच त्याचें पहिलें पुस्तक होतें. शब्दाखालून बोट सरकवीत तोच पाठ मीं त्याच्याबरोबर पुन्हां म्हटला असता, तर त्याच्या कानांतील शब्द त्याच्या डोळ्याला भेटला असता.

आज कायदा व धोरण या बाबतींत प्रतिकूल नाहीं. १९५६ सालच्या घटनादुरुस्तीनें भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांस प्राथमिक शिक्षण मातृभाषेंतून मिळण्याची सोय करण्यास राज्यांस सांगितलें. २०२० च्या राष्ट्रीय शिक्षणधोरणानें शक्य तेथें निदान पांचवीपर्यंत घरची अथवा स्थानिक भाषा शिक्षणाचें माध्यम असावी असें म्हटलें. २०२५ च्या एप्रिलमध्यें महाराष्ट्र शासनानें पहिलीपासून हिंदी ही तिसरी भाषा लावली व लोकांच्या विरोधानंतर जूनअखेर तो निर्णय मागें घेतला. त्या वेळीं घरोघर भाषेची चर्चा झाली. परंतु तीन भाषा कीं दोन, या वादांत मुलाच्या घरची चौथी भाषा कोणाच्या लक्षांत आली नाहीं. आपले बहुतेक आईबाप मुलांस इंग्रजी शाळेंत घालतात. त्यांची ओढ मी जाणतों. इंग्रजीवांचून दारें बंद राहतात हें त्यांनीं स्वतः अनुभवलें आहे. पण इंग्रजीच्या जिन्यालाही खालची पायरी लागते, आणि ती घरच्या बोलण्याचीच असते.

म्हणून, प्रिय वाचकहो, या ज्युबिलीच्या वर्षीं कांहीं सोप्या गोष्टी आपण हातीं घ्याव्या अशी विनंती आहे. धर्मशिक्षकांनीं वर्गांतील प्रत्येक मुलाच्या घरचे दहा शब्द आधीं स्वतः शिकावे. मुलांस जीं गीतें व प्रार्थना पाठ आहेत त्या मोठ्या अक्षरांत लिहून, बोट फिरवीत, त्यांच्याबरोबर म्हणाव्या. मुलानें चित्र काढावें, त्याविषयीं आपल्या बोलींत सांगावें, आणि शिक्षकानें तेच शब्द चित्राखालीं लिहून द्यावे. एखाद्या रविवारीं तामिळ आजीनें, एखाद्या रविवारीं छत्तीसगढी आईनें वर्गांत येऊन गोष्ट सांगावी. यांस पैसा फारसा लागत नाहीं.

पेंटेकॉस्टच्या दिवशीं पवित्र आत्म्यानें येरुशलेमांत जमलेल्या लोकांस एक भाषा बोलावयास लावलें नाहीं. प्रत्येकानें आपापल्या भाषेंत ऐकलें. आपल्या धर्मग्रामाच्या जुन्या दप्तरांत नांवें पुष्कळ आहेत. त्या एका मुलाचें नांव त्यांत नाहीं. त्याच्यासारखें दुसरें मूल येत्या रविवारीं वर्गाच्या दारांत उभें राहील, तेव्हां आपलें बोट परीक्षा घेण्यासाठीं नव्हे, तर वाट दाखविण्यासाठीं पुढें व्हावें, एवढीच प्रभूचरणीं प्रार्थना.