बागेतून बांधावर आलेली घाणेरी

मागच्या महिन्यात गटाच्या कामाला आम्ही तालुक्याला गेलो होतो. शाळेच्या कुंपणाला रोपं बघावीत म्हणून एका रोपवाटिकेत शिरलो, तर कुंडीत पिवळ्या-गुलाबी फुलांचे गुच्छ. विकणारा म्हणाला, "लँटाना आहे ताई, शोभेचं झाड. पाणी कमी लागतं." एकीनं पान चुरगळून हुंगलं आणि सगळ्या एकमेकींकडे बघायला लागलो. अहो, ही तर आपली घाणेरी! कुणी टणटणी म्हणतं. बालाघाटाच्या उताराला, ओढ्याकाठी, पडीक रानात फुकट उभी असते.

आपली म्हणतो खरं, पण ती मूळची अमेरिका खंडाच्या उष्ण भागातली. सतराव्या शतकात डच लोकांनी ती ब्राझीलमधून युरोपात नेली. तिथल्या माळ्यांना तिचं वेडच लागलं, कारण फूल उमलतं पिवळं आणि दिवस जातील तसं नारिंगी, गुलाबी, लाल होतं. एकाच गुच्छात सगळे रंग. त्यांनी कलमं-संकर करून शेकडो वाण काढले. इंग्रजांनी १८०९ च्या सुमारास ती कलकत्त्याच्या वनस्पती बागेत आणली. पुढं बंगल्यांच्या, बागांच्या कुंपणाला लागली. जनावर तोंड लावत नाही, हाच तेव्हा तिचा गुण वाटला.

पण पाखरांना कुंपण कुठलं? बुलबुल, साळुंक्यांनी काळी फळं खाल्ली आणि बी रानोमाळ पाडलं. (आम्हीही लहानपणी ती काळी फळं खाल्ली आहेत. हिरवी मात्र विषारी असतात, पोरांना सांगून ठेवा.) तोडली की फुटते, जाळली तरी बुडातून वर येते. १९४१ साली तिला खायला ऑस्ट्रेलियातून एक किडा आणला होता, त्यालाही ती पुरून उरली.

जिथं तिची जाळी माजते तिथं गवत उगवत नाही. म्हणजे भाऱ्यासाठी आपल्यालाच आणखी लांब चालावं लागतं. त्यात दुष्काळ पडला की भुकेलं जनावर तिला तोंड लावतं. बाहेरून विकत आणलेलं, तिची ओळख नसलेलं जनावर तर हमखास. गेल्या उन्हाळ्यात आमच्यातली एक ऊसतोडीला गेली होती, शेळ्या म्हाताऱ्या सासूकडे होत्या. एक शेळी चारा खाईना, डोळे पिवळे पडले, उन्हात कानाची कातडी सोलायला लागली. सासूबाईंना वाटलं ऊन लागलं. डॉक्टर येईपर्यंत चार दिवस गेले, शेळी गेली. तिच्यावर फेडायचं कर्ज अजून आहे. ही लक्षणं दिसली की जनावर सावलीत बांधा आणि त्याच दिवशी जनावरांच्या डॉक्टरला बोलवा. हे विष यकृतावर जातं.

काढायची तर फळं धरायच्या आधी काढा. नुसत्या फांद्या छाटू नका. बुडाशी माती उकरून, जिथून फुटवे येतात त्याच्या खाली मूळ तोडा आणि झुडूप उलटं टाकून वाळू द्या. वाळलेल्या काड्या चुलीला चालतात.

विकणारा म्हणाला, याच्या काही वाणांना बी धरत नाही. असेलही. पण कुंडीवर तशी चिठ्ठी नव्हती. शाळेच्या कुंपणाला आम्ही मेंदीची रोपं घेतली.