पालकवाडी गेली, पिपरी राहिली

वर्धा हे मुळात दुसऱ्या गावाच्या जागेवर वसवलेलं शहर. 1862 साली नागपूरपासून वेगळा जिल्हा झाला तेव्हा मुख्यालय पुलगावजवळच्या कवठ्याला होतं. 1866 मध्ये ते पालकवाडी या खेड्याच्या जागी आणलं गेलं आणि वर्धा नदीचं नाव नव्या शहराला मिळालं. नगरपालिका 1874 ची. पालकवाडीला कुणी विचारलं असेल, असं वाटत नाही.

पुढे शहराला येऊन भिडलेली गावं मात्र अशी विरघळली नाहीत. पिपरी (मेघे), सिंदी (मेघे), बोरगाव (मेघे), नालवाडी, म्हसाळा: घरं शहराला केव्हाच भिडली, कारभार ग्रामपंचायतीचाच राहिला. ओळीने उभ्या फ्लॅट्समधला माणूस पत्ता 'वर्धा' सांगतो आणि दाखल्यासाठी ग्रामपंचायत गाठतो. हद्दवाढीचा विषय निघतो आणि घरपट्टी वाढेल, सरपंचपद जाईल या धास्तीपाशी अडतो. धास्ती अगदीच खोटी नाही.

गावं एकमेकांत विलीन करण्याचं टोक जपानने गाठलं. तिथे 1999 ते 2010 दरम्यान सरकारने अनुदानाचं गाजर दाखवून सुमारे 3,200 पालिका-गावांच्या जवळपास 1,700 करून टाकल्या. कित्येक जुनी नावं नकाशावरून पुसली गेली. महाराष्ट्राची तऱ्हा उलटी. इथे 2015 च्या सुमारास तालुक्याच्या गावांना जागच्या जागी बढती मिळाली. वर्धा जिल्ह्यात सेलू, समुद्रपूर, कारंजा आणि 1942 च्या स्वातंत्र्यलढ्यातली आष्टी इथे नगरपंचायती झाल्या. सरपंचाच्या जागी नगराध्यक्ष आले.