एक कोंबडी, दोन भांडी: होनोलुलू, जानेवारी १९३८

पाऊस नुकताच थांबलाय. बंदरावरच्या अलोहा टॉवरकडे पाठ करून तुम्ही चायनाटाऊनच्या दिशेने निघता. हवाईत हिवाळा म्हणजे पावसाचा मोसम, इथले मूळ लोक त्याला होओइलो म्हणतात. अंगावर पातळ सदरा असला तरी चालतं, पण संध्याकाळी डोंगराकडून वारा सुटला की काहीतरी गरम, रसदार खावंसं वाटतं. आज ते तुम्हीच करणार आहात.

किंग स्ट्रीटवरच्या ओआहू मार्केटात आज पाय ठेवायला जागा नाही. ३१ तारखेला चिनी नववर्ष. फळ्यांवर लांबट फिकट चिनी कोबी, पांढरे मुळे, जाड देठांची मोहरीची भाजी, कमळाचे कंद, पानासकट तोडलेली संत्री आणि फुलायला आलेले नर्गिसचे कंद. तुम्ही कोबीचा एक गड्डा, आल्याचा मोठा तुकडा आणि कांद्याच्या पातीची जुडी घेता. मग मुगाच्या पिठुळापासून केलेल्या काचेसारख्या शेवयांची एक लड. इथे तिला ‘लाँग राईस’ म्हणतात. शेवटी अळूच्या पानांचा मोठा भारा. पानं ओळखीची वाटतात ना? तेच ते, आपल्या अळूच्या जातीचं. कोंबडी मात्र अंडी द्यायची थांबलेली, जून अशीच निवडा. रस्सा तिचाच चांगला होतो.

नुउआनू ओढा ओलांडला की पालामा. लाकडी घर, पत्र्याचं छप्पर. दारात तुतू उभी आहे. हवाईत आजीला तुतू म्हणतात. तिचा नवरा चीनच्या चुंगशानचा. आजोबा तरुण वयात आले, अळूच्या पाणथळ वाफ्यांत राबले आणि इथल्याच मुलीशी लग्न करून राहिले. अशी घरं या शहरात गल्लोगल्ली आहेत. मजूर म्हणून आले ते बहुतेक एकटे पुरुष. १८५२ च्या ३ जानेवारीला ‘थेटिस’ जहाज अमॉयहून मजुरांची पहिली मोठी तुकडी घेऊन आलं, तेव्हा करार ५ वर्षांचा होता आणि पगार महिना ३ डॉलर. करार संपल्यावर बरेच जण उसाच्या मळ्यातून बाहेर पडले आणि हवाईयन लोकांच्या अळूच्या वाफ्यांत भात पिकवू लागले, पुढे अळूही. आज तुमच्या हातात जे आहे ते कुठल्या हॉटेलातल्या आचाऱ्याच्या डोक्यातून आलेलं नाही. एका चुलीवर दोघांची भूक भागवायची होती, म्हणून ते झालं. मला या जेवणाचं मोल वाटतं ते यामुळेच.

कोंबडीचे मोठे तुकडे करा. भरपूर पाणी, ठेचलेलं आलं, जाडं समुद्री मीठ. मंद आचेवर ठेवा आणि घाई करू नका.

दुसऱ्या भांड्यात अळू. शिरा काढून, पानं चिरून तुतू ती उकळते, पाणी ओतून देते आणि पुन्हा शिजायला ठेवते. आपण घसा खाजू नये म्हणून चिंच घालतो. ती घालत नाही, शिजवतच राहते, पानांचा पार लगदा होईपर्यंत.

तोवर आजोबा बोलतात. गेल्या वर्षी जुलैत चीनमध्ये युद्ध पेटलं, गावाकडच्या पत्राची ते वाट पाहताहेत. मग जुनी आठवण निघते: २० जानेवारी १९००. प्लेगच्या भीतीने आरोग्य मंडळाने काही घरं जाळायला घेतली, वारा फिरला आणि चायनाटाऊन जळून गेलं. हजारो माणसं उघड्यावर आली. तो प्लेग तुमच्या ओळखीचा आहे. १८९६ साली मुंबईत आणि पुढे पुण्यात शिरला, तीच ही साथ. तिच्या नावाखाली पुण्यात घरं कशी तपासली गेली, हे ज्याच्या घरात ऐकलं गेलंय, त्याला आजोबांचा आवाज का कापतो ते सांगावं लागणार नाही.

मांस हाडापासून सुटू लागलं. ते सोडवून घ्या. निम्मं अळूत जाईल, वर नारळाचं घट्ट दूध. दूध घातल्यावर उकळी येऊ देऊ नका. उरलेलं मांस पुन्हा रश्शात, सोबत कोबीचे जाड काप आणि कोमट पाण्यात भिजवून कात्रीने कापलेल्या शेवया. त्या पारदर्शक झाल्या की कांद्याची पात पेरा आणि खाली उतरवा. कोंबडी आणि अळू पॉलिनेशियन लोकांनी होड्यांतून हजारो मैल समुद्र ओलांडून या बेटांवर आणले. शेवया आणि कोबी चिनी. नववर्षासाठी वाफवलेला ‘गाऊ’ आहेच: चिकट तांदूळ, तपकिरी साखर, वर तीळ, आणि खाली अस्तर हवाईयन ‘टी’ (चहा नव्हे) झाडाच्या पानांचं.

बसा. मधोमध पोईचं भांडं, म्हणजे उकडून कुटलेल्या अळकुड्यांचा लगदा. बोटानेच खायचा. पोईवरचं झाकण निघालं की भांडायचं नाही, असा इथला रिवाज आहे. अळू हा माणसाचा थोरला भाऊ, हालोआ, अशी हवाईयन लोकांची श्रद्धा. थोरल्यासमोर आवाज चढवायचा नसतो. आजोबांपुढे भाताची वाटीही आहे. तुतू तिच्यात अळू वाढते.

घरी परतलात की करून पाहा. मुगाच्या शेवया ‘ग्लास नूडल्स’ म्हणून मिळतात, चिनी कोबी थंडीत मोठ्या शहरांच्या मंडईत दिसतो. नाही मिळाला तर आपला साधा कोबी घ्या. रस्सा मात्र अंदाजापेक्षा थोडा जास्त ठेवा. शेवया तासाभरात सगळा पिऊन टाकतात.