देवीचे माहात्म्य आणि स्त्रीचा अधिकार

नवरात्रात हार्बर मार्गावरील उपनगरी गाडीचा महिलांचा डबा त्या त्या दिवसाच्या ठरलेल्या रंगाने भरून जातो. नऊ दिवसांच्या नऊ रंगांची ही प्रथा कोणत्याही धर्मग्रंथात सांगितलेली नाही. वृत्तपत्रांनी ती गेल्या दोन-अडीच दशकांत लोकप्रिय केली आणि नोकरदार स्त्रियांनी ती आपलीशी केली. खंडेनवमीच्या सुमारास डब्यांना झेंडूची तोरणे लागतात, देवीची तसबीर मांडली जाते आणि डॉकयार्ड रोड, रे रोड, कॉटन ग्रीन, शिवडी अशी स्थानके मागे पडत असताना आरती म्हटली जाते. महिलांच्या डब्यातील या पूजेला पुरोहित नसतो. पूजा मांडणाऱ्या, ती करणाऱ्या आणि प्रसाद वाटणाऱ्या स्त्रियाच असतात.

अशा पूजेकडे सण आणि हौस यांपलीकडे जाऊन पाहिले, तर एक जुना प्रश्न समोर येतो. देवता स्त्रीरूप असली म्हणजे समाजात स्त्रीचे स्थान उंचावते काय? पाश्चात्त्य देशांत १९७० नंतर उदयास आलेल्या स्त्रीवादी अध्यात्माच्या चळवळीने या प्रश्नाचे उत्तर 'होय' असे गृहीत धरले. महाराष्ट्रात देवीची उपासना कधी खंडित झालीच नाही. त्यामुळे या गृहीतकाची कसोटी येथे अधिक चांगल्या रीतीने पाहता येते.

आईच्या नावाचे शहर

रे रोड हे नाव १८८५ ते १८९० या काळात मुंबई इलाख्याचे गव्हर्नर असलेल्या लॉर्ड रे यांचे. येथील स्थानक १९१० मध्ये सुरू झाले. गोदी, गोदामे आणि जहाजतोडणीचा दारूखाना यांनी वेढलेल्या या परिसराची नावे इंग्रजी अमदानीची साक्ष देतात. शहराचे नाव मात्र कोळ्यांच्या मुंबादेवीचे. तिचे जुने देऊळ आजच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसच्या परिसरात होते. किल्ल्याच्या वाढीसाठी अठराव्या शतकात ते हलवावे लागले आणि देवी भुलेश्वरात आली. गिरगावाजवळचे गावदेवी, तसेच काळबादेवी, प्रभादेवी, महालक्ष्मी ही वस्त्यांची नावे, माहीमची शीतलादेवी, वरळी कोळीवाड्याची गोल्फादेवी ही स्थाने पाहिली, तर बेटांच्या या शहराचा जुना नकाशा देवींच्या नावांनी आखलेला दिसतो. एल्फिन्स्टन रोड स्थानक २०१८ मध्ये प्रभादेवी झाले. मार्च २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने मरीन लाइन्सला मुंबादेवीचे नाव देण्याच्या प्रस्तावास मंजुरी दिली.

रे रोडहून उत्तरेला थोड्या अंतरावर परळची बारादेवी आहे. परळ-शिवडी भागात १९३१ मध्ये रस्त्याचे काम चालू असताना एक प्रचंड शिवशिल्प सापडले. एकातून एक उमलणाऱ्या शिवाच्या सात आकृतींचे हे शिल्प पाचव्या-सहाव्या शतकातील मानले जाते. ते बारादेवीच्या मंदिराच्या आवारात ठेवण्यात आले. कलेच्या इतिहासातील महत्त्वाचा शिव येथे एका ग्रामदेवतेच्या आश्रयाला आला आणि वस्तीची ओळख देवीच्या नावानेच राहिली.

पाश्चात्त्यांचा देवीशोध

ख्रिस्तपूर्व युरोपातील निसर्गपूजक धर्मांचे पुनरुज्जीवन करू पाहणाऱ्या आधुनिक पंथांना एकत्रितपणे 'पेगन' म्हटले जाते. त्यांपैकी 'विक्का' हा पंथ सर्वाधिक परिचित आहे. चेटूकविरोधी जुना कायदा इंग्लंडमध्ये १९५१ साली रद्द झाला आणि १९५४ मध्ये जेराल्ड गार्डनर यांचे चेटूकविद्येवरील पुस्तक प्रसिद्ध झाले. त्यांच्या पंथात देवी आणि शिंगधारी देव अशी जोडी पूजली जाई.

या पंथाला स्त्रीवादी वळण अमेरिकेत मिळाले. मूळच्या हंगेरीच्या झुझान्ना बुडापेस्ट यांनी १९७१ मध्ये लॉस एंजलिस येथे केवळ स्त्रियांचे आणि केवळ देवीची उपासना करणारे मंडळ स्थापन केले. १९७६ मध्ये मर्लिन स्टोन यांचे आणि १९७९ मध्ये स्टारहॉक यांचे पुस्तक आले. त्यांनी ही विचारधारा दूरवर पोहोचविली. धर्मशास्त्राच्या अभ्यासक कॅरल ख्राइस्ट यांनी १९७८ मधील आपल्या गाजलेल्या व्याख्यानात तिचे सूत्र मांडले. ईश्वर केवळ पुरुषरूपात कल्पिला जातो तेव्हा स्त्रीला आपले सामर्थ्य, आपले शरीर आणि आपली इच्छा यांना पावित्र्य आहे असे कधीच वाटत नाही. म्हणून स्त्रियांना देवीची गरज आहे, असा त्यांच्या प्रतिपादनाचा आशय होता.

या चळवळीला पुरातत्त्वाचा आधार मारिया गिंबुटास यांच्या संशोधनाने दिला. नवाश्मयुगीन युरोपात शांतताप्रिय, देवीपूजक आणि स्त्रीकेंद्री संस्कृती नांदत होती व घोडेस्वार आक्रमकांनी ती मोडून काढली, असे त्यांचे मत होते. पुढे या मतावर कठोर टीका झाली. सिंथिया एलर यांनी २००० साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात प्राचीन मातृसत्तेची ही कथा पुराव्याने सिद्ध होत नसल्याचे दाखवून दिले. मातीच्या स्त्रीमूर्ती सापडल्या म्हणून त्या समाजात स्त्रियांची सत्ता होती असे ठरत नाही, हा या टीकेचा गाभा आहे. चेटकिणी ठरवून नव्वद लाख स्त्रिया जाळल्या गेल्या, हा चळवळीत फिरणारा आकडाही टिकला नाही. आजचे इतिहासकार युरोपातील अशा बळींची संख्या ४० ते ६० हजार मानतात. त्यांत सुमारे तीनचतुर्थांश स्त्रिया होत्या.

महाराष्ट्रातील अभ्यासपरंपरा

याच प्रश्नांचा विचार महाराष्ट्रात स्वतंत्रपणे झाला होता. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत गणिताचे काम करणारे दामोदर धर्मानंद कोसंबी सुटीच्या दिवशी पुण्याच्या परिसरातील वाटा पायी तुडवीत. शेंदूर फासलेले तांदळे, वेशीबाहेरच्या आया, तिठ्यावरची ठाणी यांची त्यांनी काटेकोर नोंद केली. १९६२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या इंग्रजी ग्रंथात या मातृदेवतांवर विस्तृत प्रकरण आहे. यांतील अनेक देवींना पती नाही, याकडे त्यांनी लक्ष वेधले. पुढे म्हसोबासारख्या देवाशी जोगूबाईचे लग्न लागते, ते त्यांच्या मते दोन जनसमूहांच्या मीलनाचे चिन्ह होय.

डॉ. रामचंद्र चिंतामण ढेरे यांचा 'लज्जागौरी' हा ग्रंथ १९७८ चा, म्हणजे कॅरल ख्राइस्ट यांच्या व्याख्यानाच्याच वर्षीचा. मस्तकाच्या जागी कमळ असलेली, प्रसूतीच्या अवस्थेतील ही देवी अश्लील नसून सृजनशील भूमीचे रूप आहे, हे त्यांनी मूर्ती, लोककथा आणि विधी यांच्या आधारे उलगडले. धुळ्याचे विचारवंत शरद पाटील यांनी 'दास-शूद्रांची गुलामगिरी' या ग्रंथात निर्ऋती ही स्त्रीसत्ताक गणसमाजाची देवता असल्याची मांडणी केली. त्यांच्या निष्कर्षांवर मतभेद आहेत. तथापि जात आणि स्त्रीदास्य यांचा एकत्र विचार करण्याची दिशा त्यांनी दिली. स्त्रियांच्या ओव्या, विधिगीते आणि देवीकथा यांचा आयुष्यभर अभ्यास करणाऱ्या डॉ. तारा भवाळकर यांची २०२५ च्या दिल्ली येथील अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी निवड झाली.

पुरोहिताविना पूजा

पाश्चात्त्य स्त्रीवाद्यांना जी उपासना नव्याने रचावी लागली, तिचे अनेक घटक मराठी घरांत पूर्वीपासून होते. भाद्रपदात अनुराधा नक्षत्रावर गौरी येतात, ज्येष्ठावर जेवतात आणि मूळ नक्षत्रावर जातात. कुठे मुखवटे, कुठे तेरड्याची रोपे, कुठे पाणवठ्यावरून आणलेले खडे, अशी त्यांची रूपे आहेत. बहुसंख्य घरांत हे सारे स्त्रियांच्या हातून होते. लालबाग, परळ, घोडपदेव येथील चाळींत कोकणातून आणि घाटावरून आलेल्या कुटुंबांनी आपापल्या गावच्या रीती आणल्या. भोंडला आणि मंगळागौर यांतील गाण्यांनी सासुरवाशिणीच्या मनातील सल बोलून दाखविण्याची मुभा दिली. साती आसरांच्या ठाण्यावर तर मूर्तीचीही गरज नसते. पाण्याकाठचे सात दगड पुरतात.

परंतु या परंपरेलाही सीमा होती. हळदीकुंकवाच्या वर्तुळात सवाष्णीला मान होता. पतीच्या मृत्यूनंतर तीच स्त्री त्या वर्तुळाबाहेर जाई. मासिक पाळीच्या दिवसांत देवघर तिला वर्ज्य होते. आसामच्या कामाख्येचे रजस्वला होणे उत्सवाचे निमित्त ठरते आणि देवीच्या भक्तिणीला मात्र त्याच कारणाने दूर बसविले जाते, ही विसंगती साऱ्या देशाची आहे. यल्लम्मेच्या नावाने मुली सोडण्याच्या प्रथेने देवीच्या सेवेलाच शोषणाचे साधन बनविले. ती रोखण्यासाठी मुंबई इलाख्यात १९३४ साली आणि महाराष्ट्रात २००५ साली कायदे करावे लागले.

गाभारा आणि मंत्र

म्हणूनच महाराष्ट्रातील स्त्रियांचा लढा देवीच्या शोधाचा नव्हता, तर तिच्यापर्यंत पोहोचण्याच्या हक्काचा होता. नगर जिल्ह्यातील साकोरी येथे उपासनी महाराजांनी कन्याकुमारी स्थानाची स्थापना करून ब्रह्मचारिणी स्त्रियांना वेदपठण आणि यज्ञकर्माचा अधिकार दिला. १९४१ मध्ये महाराजांचे निधन झाल्यावर गोदावरीमातांनी ते कार्य पुढे नेले. पुण्यात शंकरराव थत्ते यांनी स्त्रियांना पौरोहित्याचे शिक्षण देण्यास आरंभ केला आणि ज्ञानप्रबोधिनीनेही हे काम हाती घेतले. आज शहरांत स्त्री पुरोहिताने लग्न लावणे ही अपूर्व गोष्ट राहिलेली नाही.

मंदिरप्रवेशाचा प्रश्न न्यायालयात गेला तो ज्येष्ठ कार्यकर्त्या विद्या बाळ आणि अॅड. नीलिमा वर्तक यांच्या याचिकेमुळे. १९५६ चा राज्याचा मंदिरप्रवेश कायदा असताना स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही, ही भूमिका मुंबई उच्च न्यायालयाने १ एप्रिल २०१६ रोजी स्पष्ट केली. आठवडाभरातच, गुढीपाडव्याला, शनिशिंगणापूरचा चौथरा स्त्रियांना खुला झाला. त्याच महिन्यात कोल्हापूरच्या अंबाबाईच्या गाभाऱ्यात जाऊ पाहणाऱ्या स्त्री कार्यकर्त्यांना मारहाण झाली. शनी हा पुरुषदेव, अंबाबाई तर साक्षात आदिशक्ती. तरीही तिच्या गाभाऱ्याच्या दारात स्त्रीला अडविले जावे, यावरून देवतेचे लिंग आणि भक्ताचा अधिकार यांचा परस्परसंबंध किती सैल आहे हे ध्यानात येते.

लक्ष्मी सातबाऱ्यावर

या अधिकाराला आर्थिक अर्थ देण्याचा प्रयत्न शेतकरी संघटनेने केला. नोव्हेंबर १९८६ मध्ये नाशिक जिल्ह्यातील चांदवड येथे भरलेल्या अधिवेशनास शेतकरी स्त्रियांची विराट उपस्थिती होती. त्यानंतर शरद जोशी यांनी 'लक्ष्मीमुक्ती'ची हाक दिली. घरच्या लक्ष्मीची नुसती पूजा न करता शेतकऱ्याने जमिनीचा एक हिस्सा तिच्या नावावर करून द्यावा, अशी ही मोहीम होती. ज्या गावात शंभर कुटुंबे असे करतील, ते गाव लक्ष्मीमुक्त म्हणून गौरविले जाई. यवतमाळ जिल्ह्यातील रावेरी येथे रामाविना एकट्या सीतेचे मंदिर आहे. त्याच्या जीर्णोद्धारासाठीही जोशी यांनी पुढाकार घेतला. राज्याने १९९४ साली वारसा कायद्यात दुरुस्ती करून वडिलोपार्जित मालमत्तेत मुलींना हक्क दिला. देशभर तो २००५ मध्ये मिळाला.

'चेटकीण' या शब्दाचे दोन अर्थ

पाश्चात्त्य चळवळीचे शब्द येथे जसेच्या तसे उचलणे किती अवघड आहे, हे एका उदाहरणावरून स्पष्ट होईल. अमेरिकेतील स्त्रीवादी उपासक स्वतःला अभिमानाने चेटकीण म्हणवतात. कोलकात्याच्या इप्सिता रॉय चक्रवर्ती यांनीही ही ओळख उघडपणे स्वीकारली. नंदुरबारच्या आदिवासी पट्ट्यात मात्र 'डाकीण' हा शिक्का बसलेल्या स्त्रीला मारहाण, बहिष्कार आणि प्रसंगी मृत्यूला सामोरे जावे लागले आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्या हत्येनंतर २०१३ मध्ये संमत झालेल्या जादूटोणाविरोधी कायद्यात, चेटूक करते असा आरोप ठेवून कोणाचा छळ करणे हा गुन्हा ठरविण्यात आला. जेथे शिक्का जिवावर बेततो, तेथे तो बिरुद म्हणून मिरविता येत नाही.

कोणाला आत घ्यायचे, या प्रश्नातून पाश्चात्त्य मंडळेही सुटलेली नाहीत. २०११ मध्ये कॅलिफोर्नियातील एका पेगन संमेलनात पारलिंगी स्त्रियांना विधीत प्रवेश नाकारण्यात आला आणि मोठा वाद झाला. यल्लम्मेच्या परंपरेत जोगत्यांना देवीची परडी घेण्याचा मान आहे. मात्र हा मान देवळाबाहेरच्या जगात त्यांना उपजीविका देत नाही.

हेरवाडचा ठराव

मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड या गावाच्या ग्रामसभेने पतीच्या निधनानंतर कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे, मंगळसूत्र तोडणे या प्रथा बंद करण्याचा ठराव केला. त्याच महिन्यात राज्य शासनाने परिपत्रक काढून इतर ग्रामपंचायतींना त्याचे अनुकरण करण्याचे आवाहन केले. ठरावात देवीचे नाव नव्हते. तरीही ज्या कुंकवाने देवीची पूजा होते, ते स्त्रीच्या कपाळावर राहणार की नाही, हे पतीच्या आयुष्यावर अवलंबून नसावे, असे एका गावाने ठरविले.

पाश्चात्त्य चळवळीच्या इतिहासकथेतील बराच भाग टिकला नाही. तिने विचारलेला प्रश्न मात्र टिकून आहे. पूजा कोण करतो आणि ती करण्यापासून कोणाला रोखले जाते, याचा हिशेब महाराष्ट्रात देवळाच्या पायरीवर, सातबाऱ्याच्या उताऱ्यावर आणि हळदीकुंकवाच्या ताटाशी मांडला जात आहे. पुढच्या नवरात्रात हार्बरच्या डब्यात आरतीचे तबक फिरेल, तेव्हा ते डब्यातल्या प्रत्येक स्त्रीच्या हाती जावे, एवढीच या हिशेबाची साधी कसोटी आहे.