ओसरी आणि वही

जुलै २००० मध्ये स्टीफन किंगने ‘द प्लांट’ ही कादंबरी हप्त्याहप्त्याने स्वतःच्या संकेतस्थळावर विकायला काढली. मध्ये प्रकाशक नाही, दुकानदार नाही. एका हप्त्याचा एक डॉलर, आणि तोही वाचकाच्या प्रामाणिकपणावर सोडलेला. अट एकच: शंभरातल्या पंचाहत्तर जणांनी पैसे दिले, तरच गोष्ट पुढे चालेल.

पहिल्या हप्त्याला अट पुरी झाली. चौथ्या हप्त्याचे दोन डॉलर झाले आणि पैसे देणारे निम्म्याहूनही कमी उरले. डिसेंबरात सहावा हप्ता देऊन किंगने काम थांबवलं. कादंबरी अपुरीच राहिली.

प्रयोग फसला म्हणावं, तर खर्च वजा जाता किंगच्या हाती चार लाख डॉलरांहून अधिक उरले होते. गोष्ट अडली, धंदा नाही. पण हे जमलं किंगला. त्याचे वाचक १९७४च्या ‘कॅरी’पासून जमत आले होते, तेही कागदी पुस्तकांमुळे आणि प्रकाशकांच्या भांडवलावर.

ज्याच्यापाशी असे वाचक नव्हते, तो दुसऱ्याच्या ओसरीवर जाऊन बसला. तिथे जागा फुकट आणि वर्दळ तयार. २००३ मध्ये गूगलचं ॲडसेन्स आलं, २००७ मध्ये यूट्यूब जाहिरातींतला वाटा देऊ लागलं. पण ओसरीचे नियम मालकाचे. ॲडसेन्सने हिंदीला २०१४च्या अखेरीस दार उघडलं. मराठी ब्लॉगलेखकांना त्यानंतरही काही वर्षं थांबावं लागलं. लेखन कसं आहे याचा इथे संबंधच नव्हता. जिओसिटीज २००९ मध्ये बंद झालं, तेव्हा लोकांनी हौसेनं मांडलेली असंख्य पानं गेली. २०१८ मध्ये यूट्यूबने वाट्यासाठी एक हजार सबस्क्रायबर आणि वर्षभरात चार हजार तासांचं प्रेक्षण अशी अट घातली. कितीतरी लहान वाहिन्यांची होती ती मिळकतही थांबली.

व्यासपीठ निवडताना आपण आधी विचारतो, वाटा किती टक्के? या पंचवीस वर्षांचा अनुभव वेगळाच प्रश्न पुढे करतो: उद्या इथून उठावं लागलं, तर वाचकांचे पत्ते माझ्या वहीत असतील का? ओसरीवर जरूर बसावं. नवा वाचक तिथेच भेटतो. पण लेखनाची मूळ प्रत आणि ज्यांनी आपणहून दिले त्यांचे ईमेल पत्ते घरी ठेवावेत. किंगची कादंबरी अर्ध्यावर राहिली, तरी त्याचे वाचक त्याचेच राहिले.