आधी न्याय, मग बंदोबस्त

लोणावळ्याच्या तलावांचे पाणी खोपोलीला उतरवून टाटांच्या कंपनीने १९१५ साली मुंबईच्या गिरण्यांना वीज दिली. पुढे टाटांच्याच दुसऱ्या कंपनीने शेजारच्या मुळशीत धरण बांधायला घेतले. धंदा खाजगी, पण १८९४ च्या कायद्याने सरकार कंपनीसाठीही जमीन घेऊ शकत होते. कोर्टात भांडता येई ते भरपाईपुरते. जमीन द्यायचीच नाही, ही हरकत ऐकण्याची तरतूद कायद्यात १९२३ च्या दुरुस्तीने आली. तोवर मावळ्याने दाद मागायची कुठे?

१९२१ च्या रामनवमीला मावळे धरणाच्या कामावरच जाऊन बसले. पुढे सेनापती बापटांनी लढा चालवला. पोलीस कंपनीच्या पाठीशी राहिले, सत्याग्रही तुरुंगात गेले, आणि धरण झाले.

आज जागेच्या किंवा धंद्याच्या तंट्यात कोणी पोलीस संरक्षण मागितले, तर दिवाणी कोर्ट आधी पाहते, की हक्क कोणाचा आणि कब्जा कोणाचा. मनाई हुकूम झाला आणि तो कोणी मोडू लागला, तर कोर्ट बंदोबस्ताचा हुकूम देऊ शकते. हा क्रम नीट ध्यानात ठेवा. तो उलटा झाला की काय होते, ते मुळशीच्या बुडालेल्या गावांनी पाहिले आहे.