हद्दपार झालेल्या घंटेचें गांव

श्रोतेहो, राजांच्या भांडणांत प्रजेनें भरडून निघावें हें इतिहासांत नवें नाहीं. खरा अपराधी सांपडला नाहीं म्हणून निरपराध्यास शिक्षा झाल्याचीं उदाहरणेंहि पुष्कळ आहेत. परंतु एका घंटेला अपराधी ठरवून, तिला फटके मारून हद्दपार केल्याचें उदाहरण आपण क्वचितच ऐकलें असेल. ही गोष्ट रशियांतील उग्लिच नांवाच्या एका लहान गांवीं घडली. त्या गांवाची हकीकत आज मी आपणांस सांगणार आहें.

उग्लिच हें मॉस्कोच्या उत्तरेस सुमारें २०० किलोमीटरांवर, व्होल्गा नदीच्या कांठीं वसलेलें आहे. नदी येथें वळण घेते. रशियन भाषेंत कोपऱ्याला 'उगोल' म्हणतात, आणि त्यावरूनच गांवाला हें नांव पडलें असावें, असें कित्येक विद्वानांचें मत आहे. वस्ती जेमतेम तीस हजारांची. लोकपरंपरा गांवाची स्थापना इ. स. ९३७ मध्यें झाली असें सांगते. रशियन बखरींत मात्र त्याचा पहिला उल्लेख ११४८ सालचा सांपडतो. चोहोंकडे दाट अरण्यें, आणि हिवाळ्यांत सर्वत्र बर्फ. अशा मुलुखांत नदी हाच राजमार्ग असतो. उन्हाळ्यांत तिच्यावरून नावा चालत आणि हिवाळ्यांत ती गोठली म्हणजे तिच्याच पाठीवरून बर्फगाड्या धांवत. व्होल्गेच्या कांठचें गांव म्हणजे हमरस्त्यावरचें गांव, असें समजण्यास हरकत नाहीं.

याच हमरस्त्यानें १५ व्या शतकांत अफानासी निकितिन हा त्व्हेर शहरचा व्यापारी निघाला. कल्याझिन येथील मठांत मठाधिपति माकारी यांचा आशीर्वाद घेऊन तो उग्लिचला आला आणि तेथून कोस्त्रोमाकडे गेला. पुढें दैवानें त्याला समुद्रापार आपल्या चौल बंदरांत आणून सोडलें, आणि एक पावसाळा त्यानें जुन्नरास काढला. ज्या प्रवासवृत्तांत उग्लिचचें नांव आहे, त्यांतच थोड्या पानांनंतर आपल्या जुन्नरचेंहि नांव आहे. म्हणजे हें गांव आपणांस वाटतें तितकें परकें नाहीं.

त्या काळीं उग्लिच ही एका स्वतंत्र जहागिरीची राजधानी होती. मॉस्कोचा राजा तिसरा इव्हान याचा भाऊ आंद्रेई येथें राज्य करीत असे. त्याच्या वाड्याचा विटांचा दिवाणखाना आजहि उभा आहे. परंतु भावाभावांत वितुष्ट आलें. १४९१ मध्यें इव्हाननें आंद्रेईला कैद केलें, आणि दोन वर्षांनीं तो बंदिवासांतच मरण पावला. उग्लिचच्या वाड्यावरील अशुभ छाया येथूनच पडूं लागली, असें म्हणावेंसें वाटतें.

यानंतर शंभर वर्षांनीं मुख्य प्रसंग घडला. 'भयंकर' या विशेषणानें प्रसिद्ध असलेला झार चौथा इव्हान १५८४ मध्यें वारला. वडील मुलगा फ्योदोर गादीवर आला. तो स्वभावानें भोळा होता, म्हणून कारभार त्याचा मेहुणा बोरिस गदुनोव्ह याच्या हातीं गेला. इव्हानची शेवटची राणी मारिया नागाया आणि तिचा तान्हा मुलगा द्मित्री यांस उग्लिचला पाठविण्यांत आलें. मुलाला जहागीर दिली असें बोलण्याचें. वस्तुतः ती नजरकैदच होती.

ता. १५ मे १५९१ रोजीं भर दुपारीं आठ वर्षांचा द्मित्री वाड्याच्या चौकांत गळ्याला जखम झालेल्या स्थितींत सांपडला. तो गतप्राण झाला होता. लगेच देवळाची घंटा घणघणूं लागली. गांव धांवून आलें. 'खून झाला' अशी राणीच्या नातलगांनीं ओरड केली, आणि खवळलेल्या जमावानें मॉस्कोहून नेमलेला अंमलदार बित्यागोव्हस्की यास व त्याच्या माणसांस ठार मारलें.

मॉस्कोहून वासिली शुइस्की या सरदाराच्या नेतृत्वाखालीं चौकशी मंडळ आलें. त्यानें निर्णय दिला कीं, मुलाला अपस्माराची व्यथा होती; चाकू फेकून खेळण्याच्या खेळांत असतां त्याला झटका आला आणि तो चाकूवरच पडला. राणीला जोगीण करण्यांत आलें. गांवकऱ्यांपैकीं कित्येकांना देहान्त शासन झालें आणि पुष्कळ कुटुंबें सैबेरियांत घालविण्यांत आलीं. घंटेचा अपराध काय? तिनें लोकांना बोलावलें! म्हणून तिला मनोऱ्यावरून खालीं पाडलें, फटके मारले, तिचा कान तोडला आणि आंतील लोलक काढून घेतला. लोलकाला रशियन भाषेंत घंटेची जीभ म्हणतात, हें लक्षांत घेतलें म्हणजे या शिक्षेंतील क्रौर्य अधिक जाणवतें. नंतर ती सैबेरियांतील तोबोल्स्क येथें हद्दपार झाली. हद्दपार झालेल्या गांवकऱ्यांनींच ती ओढीत नेली, असें परंपरा सांगते.

आतां पुढील भाग कृपा करून लक्षपूर्वक ऐका. १५९८ मध्यें फ्योदोर निपुत्रिक वारला, प्राचीन राजवंश संपला आणि बोरिस झार झाला. थोड्याच वर्षांत 'मीच द्मित्री, मी वांचलों' असें म्हणणारा एक तोतया पोलंडांतून आला, आणि १६०५ मध्यें तो मॉस्कोच्या गादीवर बसला. तेव्हां याच शुइस्कीनें त्याला खरा द्मित्री म्हणून मान्य केलें. खुद्द मृत मुलाच्या आईनेंहि 'हाच माझा पुत्र' असें सांगितलें. पुढच्याच वर्षीं तोतया मारला गेला आणि शुइस्की स्वतः झार झाला. त्याबरोबर त्यानें जाहीर केलें कीं, द्मित्रीचा बोरिसनें खून करविला! मुलाचे अवशेष उग्लिचहून मॉस्कोस आणले गेले आणि त्याची संतांत गणना झाली. एकच मनुष्य, एकच घटना, आणि पंधरा वर्षांत तीन साक्षी: अपघात, जिवंत, आणि खून.

आपल्याकडे पानिपतानंतर भाऊसाहेबांचा तोतया उभा राहिला होता, हें श्रोत्यांस स्मरत असेलच. जेथें मृत्यूची खात्री नसते, तेथें तोतये उगवतात.

येथें मला माझी एक चूक कबूल केली पाहिजे. मी तीस वर्षें शाळेंत इतिहास शिकविला. कोणत्याशा जुन्या इंग्रजी पुस्तकांत वाचून, बोरिसनें त्या मुलाला मारविलें असें मी वर्गांत ठांसून सांगत असें. पूश्किनच्या नाटकाचाहि तोच आधार आहे, हें मला पुढें कळलें. एकदां एका विद्यार्थ्यानें विचारलें, "मास्तर, हें पाहिलें कोणीं?" मीं त्याला गप्प बसविलें. पुढें शुइस्कीच्या या तीन साक्षी वाचल्या, तेव्हां त्या मुलाची आठवण होऊन मी खजील झालों. आज अनेक इतिहासकारांचा कल अपघाताच्या बाजूला आहे, तरी निर्विवाद पुरावा कोणापाशींच नाहीं. मीं मात्र साक्षीदारहि नसतां चवथी साक्ष दिली होती, आणि प्रश्न विचारणाऱ्याची जीभ काढून घेतली होती.

उग्लिचचें पुढें काय झालें? १७ व्या शतकाच्या आरंभींच्या अंदाधुंदींत गांव लुटलें व जाळलें गेलें, पण तें पुन्हां उभें राहिलें. जेथें मुलगा पडला, तेथें १६९२ मध्यें लाल भिंतींचें एक सुंदर देऊळ बांधलें गेलें. घंटा मात्र तीनशें वर्षें परदेशीं राहिली. गांवकऱ्यांनीं अर्जविनंत्या केल्यावर १८९२ मध्यें ती परत आली, आणि आतां त्याच देवळांत ठेवलेली आहे. मूळची घंटा तोबोल्स्कच्या आगींत वितळली, ही तिच्या जागीं ओतलेली दुसरी, अशीहि शंका कांहीं संशोधक घेतात. गांवाला त्याचें कांहीं वाटत नाहीं. हरवलेली लेक परत आली, एवढेंच त्याला पुरेसें आहे.

२० व्या शतकांत उग्लिचला व्होल्गेवर धरण झालें. त्यावर कैद्यांना राबविलें होतें. १९४० च्या अखेरीस तेथें वीज निर्माण होऊं लागली, आणि पुढच्या वर्षीं जर्मन फौजा मॉस्कोच्या वेशीपाशीं आल्या असतां तिचा राजधानीला मोठाच आधार झाला. परंतु धरणाच्या पाण्याखालीं वरच्या अंगाचें जुनें कल्याझिन बुडालें. निकितिननें जेथें आशीर्वाद घेतला, तो मठ आज नाहीं. १८०० सालचा सुमारें ७४ मीटर उंचीचा एक घंटामनोरा तेवढा पाण्यांतून वर डोकें काढून एकटाच उभा आहे.

राजांनीं निर्णय फिरविले. गांवानें प्रत्येक निर्णयाची किंमत दिली. ज्यांनीं साक्ष फिरविली त्यांना गादी मिळाली, आणि जी घंटा एकदांच व एकच बोलली तिला शिक्षा झाली. श्रोतेहो, उद्यां आपल्या घरांतील एखाद्या मुलानें 'हें पाहिलें कोणीं?' असें विचारलें, तर कृपा करून त्याला गप्प बसवूं नका.